आधी तयारी, मग रंग

आमच्या भोपाळच्या सोनागिरीत लोक केस रंगवतात ते दार लावून. दुसऱ्या दिवशी केस रातोरात आपणहून काळे झाले असावेत असा चेहरा करून बाहेर पडतात. टेंभेकर मावशींचं तसं नाही. त्यांना रविवारी केस रंगवायचे असले की शुक्रवारी सकाळपासून त्यांचा डावा कान सगळ्या गल्लीच्या मालकीचा होतो.

त्या कानामागे रंगाचा एक ठिपका लावतात आणि दोन दिवस वाट बघतात. खाज सुटते का, लाल होतं का, सूज येते का. आता कानामागचं आपल्याला स्वतःला दिसत नाही. त्यामुळे जो समोर येईल त्याच्यापुढे कान.

"देखो भैया, लाल तो नहीं हुआ?" त्या दूधवाल्याला विचारतात.

दूधवाला बिचारा कॅन खाली ठेवून वाकून बघतो. "नहीं अम्मा, एकदम बढ़िया।"

"बढ़िया नहीं पूछा। लाल है या नहीं?"

"नहीं है।"

"ठीक है। शाम को फिर देखना।"

दूधवाला संध्याकाळी येत नाही. मग संध्याकाळचा कान माझ्या वाट्याला येतो. मी एम. पी. नगरमधल्या एका कोचिंग क्लासमध्ये केमिस्ट्री शिकवते, म्हणून माझं मत त्यांच्या लेखी सरकारी शेऱ्यासारखं असतं. मी क्लासमधून परतले की फाटकाशीच त्या मान वाकडी करून उभ्या. मी "ठीक आहे" म्हटलं की "मंजूने पास केलं!" अशी बातमी तिथूनच समोरच्या घरात जाते.

मावशी सत्तरीच्या. त्यांचे वडील सरकारी कचेरीबरोबर नागपूरहून भोपाळला आले आणि इथलेच झाले. मावशींनीही सरकारी नोकरी केली, सेक्शनच्या मुख्य म्हणून निवृत्त झाल्या. लग्न केलं नाही. आधी भावंडांची शिक्षणं, मग आईवडिलांची आजारपणं, आणि मग, त्यांच्याच शब्दांत, "फाइल बंद." घरात त्या एकट्या, एक तुळस आणि पुढच्या खोलीत आडवा लावलेला मोठा आरसा.

नोकरीत असताना पहिल्यांदा केस काळे करून गेल्या तेव्हा साहेब गमतीने म्हणाले, "टेंभेकर मॅडम, आप तो जवान हो गईं।"

"जवान नहीं सर," मावशी म्हणाल्या, "अप-टू-डेट।"

हा किस्सा त्या मान ताठ करून सांगतात, आणि ऐकणाऱ्याने हसावं म्हणून थांबतातही.

त्यांचं म्हणणं असं की रंग लावणं हे काही काम नव्हे; ते कुणीही करेल. काम असतं ते आधीचं. "बगैर तयारीचा रंग म्हणजे बगैर अर्जाची रजा," त्या म्हणतात. "मिळते, पण पचत नाही." हिंदी शेजारणींसाठी त्यांनी याचं भाषांतरही करून ठेवलं आहे: "पहले तैयारी, फिर रंगदारी।" रंगदारी म्हणजे हिंदीत गुंडाने वसूल केलेला हप्ता, हे कुणीतरी त्यांना हळूच सांगितलं. मावशींनी क्षणभर विचार केला. म्हणाल्या, "चालेल. धाकात दोन्ही सारखेच."

तयारी आठवड्याच्या सुरुवातीला सुरू होते. आधी भरपूर खोबरेल. मग शनिवारी सकाळी ते सगळं धुऊन काढायचं. त्यानंतर तेलाचं बोटही लावायचं नाही, पण रविवारी पुन्हा धुवायचंही नाही. "डोक्याचं स्वतःचं थोडं तेल सुटू द्यायचं. ते चौकीदार असतं. चौकीदाराला सुट्टी दिली की डोकं चुरचुरतं." धुवायला बोअरचं पाणी अजिबात नाही, त्याने केसांवर थर बसतो. नळाला पाणी आलं की एक बादली भरून, वर ताट झाकून बाजूला. त्या बादलीला हात लावला म्हणून कामवालीशी दोन दिवस अबोला झाला होता. मग मोठ्या दातांचा कंगवा. केसांचे चार भाग, चार चिमटे. कपाळाच्या कडेने आणि कानांच्या पाळ्यांवर थंडीत ओठांना लावतो ती जेली. अंगात ठरलेला जुना गाऊन, जमिनीवर वर्तमानपत्रं. तोवर रंग कालवायला घेतलेलासुद्धा नसतो.

एकदा मीच त्यांना आग्रहाने बिट्टन मार्केटच्या एका पार्लरमध्ये नेलं होतं. तिथल्या मुलीने त्यांना खुर्चीत बसवलं, गळ्याभोवती काळा केप बांधला आणि वाटीत ब्रश फिरवायला लागली.

"टेस्ट?" मावशींनी विचारलं.

"आंटी, उसकी ज़रूरत नहीं पड़ती।"

मावशी उठल्या आणि सरळ बाहेर पडल्या. मी पैसे, माफी वगैरे उरकून खाली येईपर्यंत त्या ऑटोत बसलेल्या, अंगावर केप तसाच. सोनागिरीपर्यंत तो वाऱ्यावर फडफडत होता आणि सिग्नलला लोक वळून बघत होते. मावशी समोर बघत बसल्या होत्या, मिरवणुकीत बसल्यासारख्या. केप परत करायला दुसऱ्या दिवशी मी गेले.

गणपतीत आमच्या मराठी मंडळात दाणी काका आरतीला उभे होते. त्यांनी सकाळीच घाईघाईने कलप लावला होता. मांडवात उकाडा, हातात जड तबक. "लवथवती विक्राळा" पर्यंत सगळं ठीक होतं. मग कपाळावरून एक काळी रेघ निघाली आणि भुवईला वळसा घालून गालावर आली. लोक देवाकडे बघण्याची शिकस्त करत होते. आरती संपली, शांतता झाली, आणि मागून मावशींचा आवाज आला, "तयारी नाही केली!"

दाणी काका महिनाभर बोलले नाहीत. मग एका दुपारी तेच मावशींच्या दारात उभे दिसले, कान पुढे करून.

या सगळ्यात एक माणूस असं होतं ज्याच्या डोक्याबद्दल मावशी चकार शब्द काढत नव्हत्या. माझी आई.

बाबा गेल्यावर आईने केस रंगवणं सोडलं. तसं तिने बरंच काही सोडलं. भिशी, संध्याकाळचा फेरफटका, रेडिओ. पण केसांचं दिसायचं. मुळाकडून कानापर्यंत पांढरे, तिथून खाली जुना काळा रंग, तोही तांबूस पडलेला. ती धड विंचरायचीही नाही. वरवर कंगवा फिरवून गाठ मारायची. मी काही बोलले की म्हणायची, "असू दे गं, कोण बघतंय."

गेल्या हिवाळ्यात नागपूरहून मामाचा फोन आला. ऋचाचं, माझ्या मामेबहिणीचं लग्न ठरलं होतं. आईने फोन ठेवला आणि म्हणाली, "तू जाऊन ये. मी नाही येत."

मावशी तेव्हा आमचा डबा परत करायला आल्या होत्या. स्वयंपाकघराच्या दारात उभ्या.

"का नाही जात?" त्यांनी विचारलं.

"हे असं डोकं घेऊन कुठे जाऊ, प्रमिलाताई?"

"मग रंगव."

"रंगवू? लोक म्हणतील, नवऱ्याला जाऊन दोन वर्षंसुद्धा नाही झाली आणि ही नटून आली."

"आणि पांढरं घेऊन गेलीस तर म्हणतील, किती खचली बिचारी. लोकांची सोय दोन्हीकडून आहे, सुमन. तू तुझी बघ."

"मला नाही रंगवायचे," आई म्हणाली. आवाज चढला होता. बाबा गेल्यापासून तो मी चढलेला ऐकला नव्हता.

मावशींनी डबा ओट्यावर ठेवला. "बरं. नको रंगवूस. नुसती तयारी करू. तयारीला कोण काय म्हणणार?"

शुक्रवारी तिच्या कानामागे ठिपका लागला.

शनिवारी मावशी त्यांची बादली घेऊन आल्या. स्वतःची, झाकलेली. आईला न्हाऊ घातलं आणि गच्चीवर उन्हात चटई टाकून समोर बसवलं. केसांत इतका गुंता होता की मला वाटलं, आता कात्रीच लागणार. मावशींनी टोकं हातात धरली आणि खालून सुरुवात केली. एक बट सोडवायची, मग बोटभर वर सरकायचं. एरवी एवढ्या वेळात त्यांनी पाच जणांना पाच सूचना दिल्या असत्या. त्या दिवशी सगळं लक्ष बोटांत होतं. आई आधी अंग चोरून बसली होती. मग हळूहळू तिचे खांदे खाली आले. मग डोळे मिटले.

बऱ्याच वेळाने ती डोळे मिटूनच म्हणाली, "हे तो कागद वाचून दाखवायचे."

"कोणता?"

"पाकिटातला. सूचनांचा. मी रंग लावत असले की हे स्टुलावर बसून मोठ्याने वाचायचे. दर वेळी, पहिल्यापासून. 'डोळ्यांत गेल्यास भरपूर पाण्याने धुवावे.' मी म्हणायची, अहो पाठ झालंय मला. तर म्हणायचे, कंपनीने बदललं असेल तर?"

आई हसायला लागली. हसता हसता रडली. मावशींचा कंगवा थांबला नाही, फक्त त्यांनी दुसरा हात आईच्या डोक्यावर सपाट ठेवला, गाठ सोडवताना मुळं ओढली जाऊ नयेत म्हणून ठेवतात तसा.

रविवारी सकाळी मी चहा घेऊन गेले तर आई जुनी साडी नेसून, जमिनीवर वर्तमानपत्रं पसरून बसली होती.

"हे काय? रंगवणार?" मी विचारलं.

"एवढी तयारी वाया घालवायची का?" आई म्हणाली. "जा, त्यांना बोलाव."

नागपूरला आई गेली. गर्द निळी साडी नेसली, दोन्ही दिवस मांडवात फिरली. एका आत्याबाईंनी पंगतीत सगळ्यांना ऐकू जाईल असं विचारलं, "सुमन, केस रंगवलेस वाटतं?"

मी दचकले. आईने जिलबीचा तुकडा संपवला.

"हो तर," ती म्हणाली. "चांगली तयारी करून रंगवलेत. तुम्हालाही सांगेन हवं तर."

आत्याबाई पुढच्या पानाकडे वळल्या. मला इतका अभिमान वाटला की मी जिलबी पुन्हा मागून घेतली.

परत आलो तो रविवार होता. संत्र्याची बर्फी घेऊन आई आणि मी मावशींकडे गेलो. दार नुसतं लोटलेलं होतं. मावशी आरशाकडे पाठ करून उभ्या होत्या. अंगात तो गाऊन, एका हातात लहान आरसा, दुसऱ्या हातात ब्रश. ब्रशचा हात खांद्यावरून मागे नेण्याचा प्रयत्न चालला होता, आणि तो मधेच अडकत होता. ब्रशचं टोक केसांच्या आसपास हवेत फिरत होतं. थेंब खाली कागदावर पडत होते.

मावशींना आम्ही कधी अंबाड्याशिवाय पाहिलंच नव्हतं. आज केस मोकळे होते. पुढून, बाजूने काळेभोर, एक बट चुकलेली नाही. आणि मागे, मानेच्या वर, तळहाताएवढी जागा पांढरीशुभ्र.

त्यांनी आम्हाला पाहिलं आणि ब्रशचा हात पटकन खाली घेतला.

"प्रमिलाताई," आई म्हणाली, "मागे राहिलेत."

"ठाऊक आहे. खांदा धरलाय, हात पुरत नाही. अंबाड्याखाली जातं झाकून."

"कधीपासून?"

"झाली काही वर्षं."

"मग सांगायचं नाही का?"

"कुणाला?" मावशी म्हणाल्या.

त्यात तक्रार नव्हती. पत्ता विचारावा तसं विचारलं होतं. आईने माझ्याकडे पाहिलं, मी बर्फीच्या डब्याकडे. मग आईने पदर खोचला, त्यांच्या हातातून ब्रश घेतला आणि स्टूल ओढलं.

"बसा."

"राहू दे गं सुमन, माझं मी..."

"बसा म्हटलं ना."

मावशी आरशाकडे तोंड करून बसल्या. आईने चिमटे काढले, केस पुन्हा वेगळे केले आणि खालून विंचरायला घेतलं. थोड्या वेळाने मावशी म्हणाल्या, "पाळीला जेली लाव."

"लावते."

"मुळाशी आधी नको. आधी..."

"मला येतं."

आरशात मला त्यांचा चेहरा दिसत होता. नेहमी वर असलेली हनुवटी खाली आली होती, आणि डोळे मिटलेले होते. आईने उरलेली सगळी जागा नीट भरली, घाई न करता.

संध्याकाळी आम्ही तिघी भाजीबाजारात निघालो. मावशींनी अंबाडा घातला नव्हता. वेणी घातली होती, एक लांब, सैल वेणी, वरपासून खालपर्यंत एकसारखी काळी. एरवी त्या मधोमध चालतात, दोघींच्या कोपराला धरून, बोलत. त्या दिवशी मात्र फाटकातून बाहेर पडल्या आणि आमच्या चार पावलं पुढे चालायला लागल्या. आईने हाक मारली, "अहो, थांबा की!"

थांबल्या नाहीत. वळून बघितलंही नाही. गल्लीभर, पुढच्या वळणापर्यंत, पाठ आमच्याकडे ठेवून त्या ताठ चालत राहिल्या.