नऊ टोप्या

एकतीस वर्षं मी लोकांना बोटीत घालून आमच्या बेटावरचे बाउनेईचे कडे दाखवतोय, आणि एकतीस वर्षांत जितकी माणसं नेली तितकीच परत आणली. कमी नाही, जास्त नाही! प्रत्येक फेरी सुटताना हे वाक्य मी सुकाणूला टेकून, मुद्दाम खालच्या आवाजात म्हणायचो, म्हणजे मागच्या बाकावरच्यांनाही ऐकायला पुढे झुकावं लागायचं. गेल्या सप्टेंबरपासून म्हणत नाही. का, ते मीच सांगतो. सांता मारियाच्या धक्क्यावर दुसऱ्या कुणाला विचारलंत तर तो उगाच रंगवून सांगेल.

माझ्या मुलीचं, बोनारियाचं, शनिवारी लग्न होतं. जावई समुद्रापलीकडचा, बेर्गामोचा. बुधवारी व्याही, विहीणबाई आणि त्यांचे सात नातेवाईक येऊन दाखल झाले. नऊच्या नऊ जण शांत, सभ्य, उन्हाला घाबरणारे, आणि प्रत्येकाच्या डोक्यावर एकाच दुकानातून घेतलेली गवती टोपी.

लग्नाची सगळी तयारी झाली होती, एक गोष्ट सोडून. आमच्याकडे नवरी घराबाहेर पडते तेव्हा घरातलं सगळ्यात थोरलं माणूस तिच्यावर गहू, मीठ आणि फुलांच्या पाकळ्या उधळतं आणि रिकामी ताटली उंबऱ्याशी फोडतं. आमच्या घरात थोरला म्हणजे माझा भाऊ गोनारिओ. दादा वर गोल्गोच्या पठारावर शेळ्या राखतो, आणि माझ्याशी सात वर्षं बोललेला नव्हता. वडील गेले तेव्हा माझ्या वाट्याच्या चाळीस शेळ्या मी विकल्या आणि मोठी बोट घेतली. दादा तेव्हा एवढंच म्हणाला होता, "बापाच्या शेळ्या विकून परक्यांना दगड दाखव." त्यानंतर तो रस्त्यात दिसला तर मी दुकानात शिरायचो, आणि मी दिसलो तर तो थेट पुढे बघत जायचा. दुकानात शिरायची वेळ माझ्यावरच यायची, हे आता लिहिताना जाणवतंय.

बोनारिया एकदाच म्हणाली, "काका येणार नसतील तर ताटली राहू दे कपाटात." परत म्हणाली नाही. परत म्हणाली असती तर मला चिडता तरी आलं असतं.

असलं आमंत्रण आमच्याकडे फोनवर देत नाहीत, दारात जाऊन द्यावं लागतं. मी तीनदा गाडी काढली आणि तीनदा पठाराच्या शेवटच्या वळणावरून परत आलो. तिसऱ्या खेपेला माझी बायको ग्रात्सिया भांडी विसळता विसळता म्हणाली, "वळण अजून तिथंच आहे ना?"

गुरुवारी सकाळी पाहुण्यांना घेऊन बोट काढली. माझं ते वाक्य म्हणून झालं, लोक पुढे झुकले. विहीणबाईंना, म्हणजे इवानाबाईंना, बोट लागते. त्यांनी दोन गोळ्या घेतल्या, दोर सुटायच्या आधीच डोळे मिटले आणि जमीन आली की सांगा असं बजावलं. व्याही ओरेस्ते त्यांच्या शेजारी, मागच्या बाकावर. जमीन मोजणीच्या खात्यातून निवृत्त झालेला हा माणूस इतका मितभाषी, की जेवणाच्या टेबलावर मीठ हवं असलं तरी मागायचा नाही, मिठाकडे बघत बसायचा. कडे बघताना मात्र त्याचं तोंड जे उघडलं ते मिटेना. चारशे हात उंच पांढरा दगड, त्याच्या भेगांतून वाकडी झालेली ज्युनिपरची झाडं, खाली निळं पाणी. मी रोज बघतो. त्या दिवशी त्याच्या तोंडाकडे बघून मला पुन्हा एकदा दिसलं.

मोठ्या किनाऱ्यांवर बोटींची गर्दी होती, म्हणून दुपारी कड्यांमधल्या एका लहानशा वाळूच्या कुशीत शिरलो. तिला नकाशात नाव नाही. माझंही तिथं कित्येक वर्षांत जाणं नव्हतं. कुरकुरीत पातळ रोटी, मेंढीचं चीज, सॉसेज आणि समुद्रात बुडवून गार केलेली वाईन असं जेवण झालं. लोक वाळूवर पांगले.

तेवढ्यात मला ती दिसली. पाण्याच्या अगदी काठावरच्या शिळेवर एक शेळी उभी होती. मागे सरळसोट कडा, पुढे समुद्र. अडकलेली! जवळ गेलो तर उजवा कान टोकाला चिरलेला आणि डाव्याला खाच. ही आमच्या वडिलांची कानखूण. म्हणजे आता दादाची.

आता हे तुम्हाला कळायला हवं. आमच्या डोंगरात चुकलेली शेळी घेऊन दारात आलेल्या माणसाला कुणी परत पाठवत नाही. दुश्मन असला तरी त्याला बसवायचं, त्याच्या पेल्यात वाईन ओतायची, तो काय बोलतो ते ऐकून घ्यायचं. सात वर्षं ज्या दाराशी माझं धाडस होत नव्हतं त्याची किल्ली माझ्यासमोर उभी राहून माझ्या रोटीच्या तुकड्याकडे बघत होती. मला देव दयाळू वाटला. स्वतःची हुशारी तर त्याहून जास्त वाटली.

अडचण एकच. दुसऱ्याच्या कानखुणेची शेळी कुणी बोटीत बघितली, तर मालकाला परत द्यायला नेतोयस का, असं कुणी विचारत नाही. संध्याकाळपर्यंत गावभर होतं की प्रियामो तेगास शेळ्या चोरतो. तेही लग्नाच्या दोन दिवस आधी! म्हणून रोटी दाखवत मी तिला बोटीत आणली, पाय बांधले, मागच्या बाकावर बसवली, अंगावरून मोठा टॉवेल गुंडाळला आणि बाकावर पडलेली एक टोपी तिच्या शिंगांवर घट्ट दाबून बसवली. शेळीनं तक्रार केली नाही. पाहुण्यांना वाटलं, इथली काहीतरी रीत असेल. बेर्गामोची माणसं रीतीबद्दल प्रश्न विचारत नाहीत.

ती टोपी कुणाची, हे मी विचारलं नाही. तिथंच सगळं चुकलं.

त्याच वेळी ईशान्येचा वारा उठला. तिथं तो उठला की अर्ध्या तासात लाटा कुशीत शिरतात आणि मग माणसांनी भरलेली बोट बाहेर निघत नाही. मी सगळ्यांना हाका मारल्या, विहीणबाईंना दोघांनी धरून चढवलं, त्या डोळे मिटूनच आपल्या जागी बसल्या, बाकीच्यांनी टोप्या कानापर्यंत ओढल्या. मी सुकाणूवरून मागे बघून मोजलं. एक, दोन, तीन... नऊ टोप्या. निघालो.

परतीचा दीड तास लाटांनी सगळ्यांची हाडं खिळखिळी केली. कुणी कुणाकडे बघत नव्हतं, जो तो आपापल्या पोटाला सांभाळत होता. विहीणबाईंनी शेजारच्या खांद्यावर डोकं टेकलं आणि झोपून गेल्या. मला ते बघून बरं वाटलं. चाळीस वर्षांच्या संसारानंतरही कसा जिव्हाळा आहे, असं मनात आलं. शेळी कुठं ठेवली होती ते त्या क्षणी आठवलं असतं तर किती बरं झालं असतं!

धक्क्याला लागलो. हात देऊन एकेकाला उतरवलं. आठ जण उतरले. नववी टोपी हलेना. मी आदरानं म्हटलं, "ओरेस्ते, चला." टोपी वर झाली आणि खालून पिवळ्या डोळ्यांनी माझ्याकडे बघण्यात आलं.

विहीणबाई धक्क्यावरून वळल्या. टॉवेल घसरला होता. त्यांनी बघितलं, परत बघितलं आणि अगदी शांतपणे विचारलं, "माझा नवरा कुठं आहे?"

तो शांतपणा मी जन्मात विसरणार नाही.

तो कुठं होता ते मला पाहताक्षणी कळलं. जेवणानंतर डोक्याला रुमाल बांधून तो खडकामागच्या सावलीत गेला होता, टोपी बाकावर ठेवून. झोपला असणार. आणि हाका मारल्या तेव्हा त्याचं उत्तर आलं नाही हे कुणाच्या लक्षातच आलं नाही, कारण तो एरवीही उत्तर देत नाही.

मी एकटाच परत निघालो. आता लाटा बोटीपेक्षा उंच. मुलीच्या सासऱ्याला मी समुद्राच्या तोंडी देऊन आलोय, तेही त्याच्या जागी शेळी बसवून, हे बोनारियाला कोणत्या तोंडानं सांगायचं, एवढाच विचार डोक्यात. कुशीच्या तोंडाशी पोचलो तर वाळू रिकामी. खडकामागे कुणी नाही. बोट कशीबशी लावून उतरलो.

मग वाळूवर पायांचे ठसे दिसले. मी काही झालं तरी शेळ्या राखणाऱ्याचा मुलगा, पाय वाचायला मला कुणी शिकवावं लागत नाही. शहरी बुटांचे ठसे खडकामागून निघाले होते आणि त्यांच्या बाजूनं जाड तळव्याच्या बुटांचे. दोन्ही मिळून कड्याच्या चिरेकडे, वरच्या पाऊलवाटेला. जाड बुटांचा डावा पाय जरासा फरफटलेला. बाराव्या वर्षी झाडावरून पडल्यापासून दादा तो पाय तसाच टाकतो. सात वर्षांत मी त्याचा चेहरा नीट बघितला नव्हता, पण तो पाय मला ओळखता आला. वाळूत गुडघे टेकून मी रडलो. ओरेस्ते जिवंत आहे म्हणून रडलो असं मी सगळ्यांना सांगतो.

आता वळणावरून परत फिरायची सोय राहिली नव्हती. धक्क्यावर येऊन गाडी काढली, मागे शेळी चढवली. विहीणबाई म्हणाल्या, "तुमच्या मोजणीवर मी आता कुणालाही सोडणार नाही," आणि शेळीला धरून मागेच बसल्या. आता त्यांना ती सवयीची होती.

पठारावर दादाच्या खोपटासमोर आग पेटली होती आणि ओरेस्ते आगीशी बसून बोलत होता. बोलत होता! हातवारे करून दादाला बेर्गामोच्या गायींबद्दल काहीतरी सांगत होता, नाक उन्हानं लाल, हातात पेला. विहीणबाई गाडीतून उतरल्या, त्याच्या डोक्यावर हात फिरवून खात्री करून घेतली आणि मग त्याच हातानं एक टपली मारली.

मी शेळी सोडली. म्हटलं, "दादा, तुझी शेळी. कड्याखाली अडकली होती."

दादानं माझ्याकडे बघितलं नाही. ओरेस्तेला म्हणाला, "या बोटवाल्याला सांगा, ती अडकली नव्हती. रोज दुपारी मीठ चाटायला उतरते. तिची आई उतरायची, आजी उतरायची. आज वर आली नाही म्हणून मी बघायला उतरलो, तर तुम्ही सापडलात. आमचे वडील याला आठव्या वर्षी तिथं शेळ्यांची वाट बघत बसवायचे. विचारा याला, आठवतं का."

मला आठवलं. ती शिळा, ते खारं पाणी, गुडघ्यांत डोकं घालून केलेली मोजणी. कुशीला नकाशात नाव नव्हतं, पण वडील तिला काहीतरी म्हणायचे, आणि तेवढं मात्र काही केल्या आठवेना.

"मोजणी याला कधीच जमली नाही," दादा ओरेस्तेलाच सांगत होता. "एकदा एक शेळी कमी घेऊन आला. मी खाली जाऊन आणली आणि बापाला सांगितलं, पूर्ण आहेत. म्हणून हा समजतो, आपली मोजणी बरोबर असते."

पन्नास वर्षं हे मला कुणी सांगितलं नव्हतं.

मी तोंड उघडलं. आमंत्रणाचं वाक्य मी तीन वेळा गाडीत घोकलेलं होतं, पण मी शेळीच्या पायांचा दोर गुंडाळत राहिलो. शेवटी ओरेस्तेच म्हणाला, की आमंत्रण त्यानं दुपारीच देऊन टाकलंय, कारण त्याला वाटलं हे मी केव्हाच दिलेलं असणार. सात वर्षं जे माझ्याच्यानं झालं नाही, ते मीठसुद्धा न मागणाऱ्या माणसानं चीज खाता खाता उरकून टाकलं होतं.

दादानं आगीत लाकूड सरकवलं. मग वळून थेट माझ्याकडे बघितलं.

"प्रियामो, ताटली कोणती काढलीये? आईची निळ्या काठाची असेल तर मी फोडणार नाही. दुसरी बघ."

"दुसरी बघतो, दादा," मी म्हटलं.

एवढंच बोलणं झालं. मला बसवलं, पेल्यात वाईन ओतली. शेळी घेऊन आलो होतो ना.

शनिवारी दादा काळा कोट घालून आला, पाकळ्या उधळल्या आणि एका साध्या पांढऱ्या ताटलीचे तुकडे केले. बोनारिया त्याच्या गळ्यात पडली तेव्हा तो आभाळाकडे बघत राहिला. आईची निळ्या काठाची ताटली ग्रात्सियानं नंतर त्याच्या हातात दिली. त्यात तो आता चीज ठेवतो, आणि रविवारी मी गेलो की त्यातूनच वाढतो.

बोट अजून चालवतो. कडे दाखवतो. ते वाक्य मात्र सोडून दिलं. आता निघताना प्रत्येकाला नाव विचारतो, आणि कुणी उत्तर दिलं नाही तर माफी मागून टोपी उचलून बघतो.