वेंडेल क्रेनेकचं झटपट डिप

"उद्याचं डिप मी करतो," असं वेंडेल क्रेनेकने शनिवारी जेवताना जाहीर केलं, तेव्हा त्याची बायको मिरेया घास हातात धरून त्याच्याकडे बघतच राहिली.

तिचं बघणं अगदीच अनाठायी नव्हतं. लग्नाच्या पहिल्या वर्षी वेंडेलने सासूबाईंच्या घेवड्याच्या पातेल्यात चव बघून आपल्या मनाने दोन चमचे साखर घातली होती. दक्षिण टेक्ससमधल्या बीव्हिल गावात मिरेयाच्या माहेरच्या कांतू घराण्याची माणसं बरीच आहेत, आणि त्या साखरेची हकिकत त्यांतल्या प्रत्येकाला माहीत आहे. त्यानंतर कुठल्याही समारंभात वेंडेलकडे दोनच कामं असत, बर्फ आणायचा आणि खुर्च्या मांडायच्या. ती तो चोख करी. पण रविवारी फुटबॉलची मॅच बघायला सगळं सासर त्याच्याच घरी जमणार होतं. स्वतःच्या घरी तरी माणसाने नुसत्या खुर्च्या किती मांडायच्या?

"त्यात आहे काय?" तो म्हणाला. "खिमा परतायचा, डब्यातला वाटलेला घेवडा घालायचा, वरून मिरच्या आणि चीज, की चिप्स बुडवून खायला तयार. वीस मिनिटांचं काम."

"कर बाबा," मिरेया म्हणाली. "पण खिमा आत्ताच फ्रीझरमधून काढून ठेव."

"काढतो," वेंडेल म्हणाला, आणि टीव्हीपुढे जाऊन बसला.

रविवारी दुपारी मिरेया आईला चर्चमधून आणायला गाडी घेऊन गेली आणि वेंडेलने बाह्या सरसावल्या. खिमा फ्रीझरमध्येच होता. ओट्यावर आपटला तर ओट्याला पोचा पडेल इतका घट्ट. मायक्रोवेव्ह नाताळात बिघडला होता. तेव्हा वेंडेलने बिडाचा तवा चांगला लालबुंद तापवला आणि तो गोळा तसाच्या तसा त्यावर ठेवला. गरम लोखंडापुढे बर्फ किती वेळ टिकणार, हा त्याचा हिशेब. थोड्या वेळाने स्वयंपाकघरात पलीकडची भिंत दिसेना आणि छताला लावलेला धुराचा भोंगा बोंबलू लागला. त्याने तवा उचलून मागच्या दारी नेला. खिमा बाहेरून काळाकुट्ट झाला होता. सुरी खुपसली, तर ती आतल्या बर्फावर कर्रकन थांबली.

मागच्या अंगणात दोन झाडांना बांधलेल्या झोळीत त्याचा मेहुणा एफ्राइन आडवा होता. कालपासून तो इथेच मुक्कामाला होता, कारण मोठी भट्टी वेंडेलच्या अंगणात होती आणि ब्रिस्केट, म्हणजे बैलाच्या छातीचा अख्खा तुकडा, लाकडाच्या धुरावर रात्रभर जागून शिजवायचं काम त्याच्याशिवाय कुणी करायचं नाही असा घराण्याचा नियम होता. आता ते मांस कागदात आणि वर दोन टॉवेलांत गुंडाळून गॅरेजमधल्या ऊब धरून ठेवणाऱ्या मोठ्या पेटीत मुरत पडलं होतं. एफ्राइनने डोळ्यांवरची टोपीही न सरकवता विचारलं, "कुन्यादो, काही जळतंय का?"

मेहुण्याला स्पॅनिशमध्ये कुन्यादो म्हणण्यात एरवी प्रेम असतं. एफ्राइन म्हणे तेव्हा त्यात खुर्च्या आणि बर्फ ऐकू येई.

"नाही रे. कांदा परततोय," वेंडेल म्हणाला.

नवा खिमा आणायला जावं तर त्याच्या ट्रकच्या मागे एफ्राइनची गाडी आडवी उभी होती. किल्ली मागायची म्हणजे कारण सांगावं लागणार, आणि ते संध्याकाळपर्यंत गावभर. वेंडेल गॅरेजमध्ये जाऊन उभा राहिला. नजर पेटीवर गेली. एवढ्या मोठ्या तुकड्यातला चार बोटं भाग गेला तर कुणाला कळणार आहे? शेवटी ते सगळ्यांनीच खायचं होतं. थोडं आधी, थोडं घेवड्यात मिसळून, एवढाच फरक.

त्याने कडेचा एक काप काढला. पण मग ती बाजू सपाट आणि दुसरी गोल दिसू लागली. म्हणून दुसरीकडचाही तेवढाच काढला. सुरी जरा तिरकी गेली, ती सरळ करताना आणखी दोन बोटं गेली. मग तुकडा लांबीला आखूड आणि रुंदीला जास्त दिसायला लागला. वेंडेल पेशाने सुतार होता. टेबलाचा एक पाय आखूड झाला की बाकीचे तीन कापून बरोबरीला आणायची त्याच्या हाताला सवय होती, आणि अशी टेबलं शेवटी पाट होतात हेही त्याला माहीत होतं. तरी हात थांबेना. भानावर आला तेव्हा कागदावर वीटभर चौकोन उरला होता. त्याला ब्रिस्केट म्हणणं शक्य नव्हतं. तो पुरावा होता. वेंडेलने तोही बारीक चिरला.

आता रिकाम्या टॉवेलांचं काय करायचं? तेवढ्यात त्याला मागच्या दारातल्या तव्यावरचा गोळा आठवला. बाहेरून काळा, हातात जड. तो करपलेला गोळा त्याने कागदात गुंडाळला, वर टॉवेल लपेटले आणि पेटीचं झाकण लावलं. पुढचं पुढे.

त्यानंतर डिप मात्र खरोखरच झटपट झालं. मांस आधीच शिजलेलं, घेवडा डब्यातला, चीज वितळायला कितीसा वेळ लागतो!

मॅच सुरू झाली तेव्हा घर माणसांनी भरलं होतं. मधोमध आरामखुर्चीत सासूबाई, दोन्या एल्विरा, हातावर पर्स ठेवून बसल्या होत्या. वेंडेलने परात आणून ठेवली. पहिल्यांदा कुणी हात लावेना. सगळे टीव्हीकडे बघत होते, जरा जास्तच लक्षपूर्वक.

"साखर नाही ना रे घातलीस, मिहो?" दोन्या एल्विरांनी विचारलं. मुलांना आणि जावयाला त्या मिहोच म्हणत, म्हणजे बाळा. फक्त जावयाला म्हणताना थोडं थांबून.

"नाही, दोन्या एल्विरा. शपथ."

त्यांनी मक्याच्या एका चिपचं टोक बुडवलं, तोंडात टाकलं आणि डोळे मिटले. मग दुसरी चिप घेतली, ती पार तळापर्यंत खुपसून. ते बघितल्यावर बाकीचे हात पुढे झाले. थोड्याच वेळात टीव्हीवर कुणी धावतंय, कुणी पडतंय, याकडे कुणाचंही लक्ष उरलं नाही.

"अरे, काय घातलंयस काय यात?" मिरेया कुजबुजली. तिच्या आवाजात अभिमान होता. इतक्या वर्षांत तो वेंडेलने पहिल्यांदाच ऐकला, आणि नेमका त्याच क्षणी त्याला घाम फुटला.

"घेवडा," तो म्हणाला.

एफ्राइन झोळीतून उठून आला. त्याने एक घास खाल्ला. चावता चावता त्याचा जबडा थांबला. त्याने वेंडेलकडे पाहिलं. वेंडेलने छताकडे पाहिलं.

मध्यंतर झालं. दोन्या एल्विरांनी पर्स बाजूला ठेवली. "चल एफ्राइन, आण तुझं ब्रिस्केट. पहिला काप मला."

"मी मदतीला येतो," वेंडेल म्हणाला आणि मेहुण्याच्या आधी गॅरेजमध्ये पोचून दाराला पाठ लावून उभा राहिला.

"एफ्राइन, पेटी उघडायच्या आधी दोन शब्द ऐक."

"बोल."

"मी आधी कडेचा एकच काप काढणार होतो."

एफ्राइनने त्याला हाताने बाजूला केलं, झाकण उघडलं, टॉवेल सोडले. आतला बर्फ वितळून कागद लगदा झाला होता आणि काळ्या गोळ्यातून लाल पाणी ठिबकत होतं. एफ्राइनने तो बोटाने दाबून पाहिला.

"बाकीचं?"

"डिपमध्ये."

"सगळं?"

"सगळं. दोन कडा कुत्र्याला दिल्या. मी नवीन आणून देतो. लाकूडही मी आणतो. तू म्हणशील तितक्या रात्री जागतो. फक्त आत जाऊन ओरडू नकोस. मिरेया आज पहिल्यांदा..."

एफ्राइन फ्रीझरवर जाऊन बसला. त्याने टोपी काढली आणि तोंडावरून हात फिरवला. "एक चिंधीसुद्धा उरली नाही? नीट आठव."

"नाही."

"सुटलो!" एफ्राइन म्हणाला.

वेंडेलला वाटलं आपण चुकीचं ऐकलं.

"अरे, रात्री भट्टीपाशी डोळा लागला माझा. उठलो तर कोळसा. शेतापलीकडे नेऊन पुरला. पहाटे हायवेवरच्या दुकानात गेलो आणि हे तयार ब्रिस्केट विकत आणलं." त्याचा आवाज एकदम खाली आला. "आई नुसत्या वासावरून सांगते धूर कुणाच्या हातचा ते. सकाळपासून झोळीत डोळे मिटून पडलोय. तुला वाटलं झोपलोय? मी देवाचा धावा करत होतो. मीच ते कुत्र्यापुढे टाकणार होतो, पण तू सारखा आत-बाहेर."

इतक्या वर्षांत दोघे मेहुणे एकमेकांशी एवढं बोललेच नव्हते.

"आता आत काय सांगायचं?" वेंडेलने विचारलं.

"थोडं खरं सांगायचं," एफ्राइन म्हणाला. टोपी घालून तो उठला आणि बैठकीच्या दारात जाऊन मोठ्याने म्हणाला, "आई, आज ब्रिस्केट वेगळं वाढायचं नाही असं मी आणि वेंडेलने ठरवलं होतं. तू खाल्लंस ते तेच. डिपमध्ये अख्खं घातलंय."

कुणीतरी शीळ घातली, कुणी टाळ्या वाजवल्या. मिरेया नवऱ्याकडे असं बघत होती की वेंडेलला खरं काय ते त्याच क्षणी सांगून टाकावंसं वाटलं. एफ्राइनने त्याचा दंड घट्ट धरून ठेवला होता.

दोन्या एल्विरांनी मात्र परातीच्या कडेला चिकटलेलं चीज चिपने खरवडलं, खाल्लं, बोटं पुसली.

"तरीच," त्या म्हणाल्या. "एफ्राइन, तुला आईने हे सांगू नये, पण तुझा नेहमीचा धूर जरा कडवट असतो. वीस वर्षं खाल्लं मी मुकाट्याने. आज जमलाय तुला."

एफ्राइनचा चेहरा पडला, पण त्याला हसावं लागलं.

"आणि तू, मिहो," या वेळी त्या मधे थांबल्या नाहीत, "तुझ्या हाताला चव आहे. आता ऐका दोघं. मे महिन्यात एफ्राइनच्या पोरीला पंधरावं लागतंय, म्हणजे आपल्यात लग्नाएवढा सोहळा. त्या दिवशी निम्मं बीव्हिल जेवायला असणार. मी हॉलवाल्याला जेवणाचं सांगून ठेवलं होतं, ते उद्या रद्द करते. हेच करायचं. तुम्ही दोघांनी मिळून. पण धूर अगदी असाच हवा, फरक झाला तर मला कळेल."

मॅच पुन्हा सुरू झाली. दोघे मेहुणे बर्फ आणायच्या निमित्ताने पुन्हा गॅरेजमध्ये आले. पेटीतून लाल पाणी जमिनीवर आलं होतं आणि कुत्रा ते चाटत होता.

"ते हायवेवरचं दुकान," वेंडेलने हळूच विचारलं, "मोठी ऑर्डर घेतं?"

"घेतं की," एफ्राइन म्हणाला. "पण आई मगाशी म्हणाली, त्याच दुकानदाराला तिने आज सकाळीच चर्चमध्ये भेटून मे महिन्यातल्या जेवणाचं आमंत्रण दिलंय."