न मरणारे ढोमणेकाका

ढोमणेकाका मरायला तयार होत नाहीत, ही रायपूरच्या सिनेमावाल्यांची मोठी डोकेदुखी आहे. इकडच्या छत्तीसगढी सिनेमात हिरोचा बाप इंटरव्हलपर्यंत मेलाच पाहिजे, नाहीतर हिरो बदला कशाचा घेणार? आणि तात्यापारा मोहल्ल्यातले आमचे हे शेजारी शोभतात ते बाप म्हणूनच. भरघोस मिशा, खर्जातला आवाज. केसांना कलप लावून उभे राहिले की मालगुजारापासून मास्तरापर्यंत काहीही वाटतात.

वीज ऑफिसातून रिटायर झाल्यावर त्यांनी हा उद्योग मांडला. नट तर झालेच, वर पटकथाकारही. संवाद मराठीत लिहितात, डायरेक्टरला हिंदीत वाचून दाखवतात आणि हिरो ते छत्तीसगढीत म्हणतो. एवढ्या प्रवासात विनोद सांडला तर दोष हिरोचा. "आपलं लिहिणं पक्कं हाय," असं म्हणून काका मोकळे.

पहिल्या सिनेमात ते मेले होते. गोळी लागून, चांगले ऐसपैस मेले. मोहल्ल्यातल्या आम्ही सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. त्यानंतर मात्र मरणं बंद. बीरगांवच्या एका गोदामात खलनायकानं गोळी झाडली, काका पडले आणि 'कट' म्हणायच्या आत उठून बसले. "चाटून गेली बे," असं हिरोलाच सांगून टाकलं. दुसऱ्या एका सिनेमात चितेची लाकडं रचून तयार होती. काकांनी सकाळी नवा सीन लिहून आणला, त्यात बाप काशीला निघून गेला. त्या लाकडांवर युनिटचा चहा झाला.

मध्यंतरी मात्र घबाड चालून आलं. काकांचीच पटकथा, बापाचीच मुख्य भूमिका आणि पोस्टरवर त्यांचा चेहरा. फक्त शेवटी मरायचं होतं. डायरेक्टर मनधरणी करायला घरी आला, तेव्हा मी तिथंच चहा पीत होतो.

"अंकल, बाप मरेगा तभी तो पब्लिक रोएगी."

"पब्लिकले रडाचं असंन तर आपल्या घरी रडा म्हणा. मी मरत नाही."

"फिर रोल किसी और को देना पड़ेगा."

"दे ना. त्याले मार. मनसोक्त मार. कहाणी बी घेऊन जा."

तो खरंच गेला. माझं डोकं फिरलं. "अहो काका, जन्मभर ज्याची वाट पाहिली ते दारात आलं आणि तुम्ही हाकलून दिलं! दोन मिनिटं डोळे मिटून पडायचं होतं फक्त!"

काका चिडतील असं वाटलं होतं. ते उठले आणि मला आतल्या खोलीत घेऊन गेले. काकूंना हल्ली काही आठवत नाही, हे मला ठाऊक होतं. पलंगावर बसून त्या मोबाइलवर काकांचाच एक सिनेमा बघत होत्या.

"माह्या मरणाचा पिक्चर पाहिला न् हिनं कपाळाचं कुंकू पुसून टाकलं," काका हळू आवाजात म्हणाले. "मी बाजूलेच बसून होतो. म्हटलं, अवं, मी हाओ ना इथं. तर मले म्हणते, तुम्ही कोण? मंग दुसरा पिक्चर लावला. त्यात मी जित्ता होतो, तवा कुठं पुन्हा कुंकू लावून घेतलं. मले वळखत नाही रे ती. त्या काळ्या केसावाल्याले वळखते. त्याले मी कसा मरू देऊ, सांग."

तेवढ्यात काकूंनी मोबाइलवरून नजर उचलली आणि काकांकडे पाहिलं.

"भाऊजी, हे कवा येतीन घरी?"

"शूटिंग संपली का येतीन, वहिनी," काका म्हणाले, आणि त्यांच्यासाठी चहा टाकायला गेले.