मांद्रेकरांची हुकूमशाही

माझ्या बहिणीच्या लग्नाची पत्रिका पहिल्यांदा मांद्रेकरांना द्यायला गेलो, तर त्यांनी ती उलटसुलट करून पाहिली आणि विचारलं, "शिक्का खंय?"

"कसला शिक्का?"

"सेन्सॉरचा. आमच्या गोंयात लग्नाची पत्रिकासुद्धा आधी सरकारला दाखवावी लागते." मग कानावरची तांबडी पेन्सिल काढून त्यांनी 'आप्तेष्टांसह' हा शब्द खोडला. "सह म्हणजे जमाव. जमाव करता?"

मांद्रेकर आमच्या डोंबिवलीच्या चाळीत कोपऱ्यातल्या खोलीत एकटेच राहायचे. मूळचे गोव्याचे नट. देवळांच्या जत्रांमधून नाटकं करायचे. आता ठाण्याच्या एका गिरणीत कामाला होते. आपल्याकडे स्वातंत्र्य येऊन सात-आठ वर्षं झाली होती, पण गोव्यात अजून पोर्तुगीजच होते आणि त्यांच्यावर त्यांचा हुकूमशहा. हुकूमशाही म्हणजे काय ते डोंबिवलीकरांना शिकवायचंच, असा मांद्रेकरांनी विडा उचलला होता. आमटी वाढली तरी ते "मंजुरी आहे ना?" असं विचारून मगच भुरका मारायचे.

गणपतीत चाळीच्या नाटकाची जबाबदारी त्यांच्याकडे गेली, तेव्हा त्यांनी पहिल्या दिवशीच स्टेज नको म्हणून सांगितलं.

"स्टेज असलं की माणसं बघत बसतात. मला माणसं सापडायला हवीत."

चाळीचं अंगण म्हणजे गोव्यातलं एक गाव, आणि आम्ही सगळे त्या गावचे लोक. मांद्रेकर खाकी कोट, टोपी आणि करकरणारे बूट घालून पोलिसांचे कमांदांत व्हायचे. कुणी कुणाशी बोलायचं नाही, दोघांनी एका सतरंजीवर बसायचं नाही, हसायचं तर नाहीच. पहिल्याच वर्षी जोगळेकरांना विनापरवाना शिंकल्याबद्दल अटक झाली. त्यांना गणपतीमागच्या बाकावर कोंडलं, तर तिथून ते बायकोकडे बघून हात हलवत होते. लोक हसून हसून लोळले.

दुसऱ्या दिवशी मांद्रेकर चिडलेले. "मी शिकवतोय आणि हे हसतात! भिऊन बघा म्हणावं जरा." आणि जोगळेकर नळावर सगळ्यांना सांगत होते, "पुढच्या वर्षी मला फाशी द्या बुवा, मजा येईल."

प्रयोगाचा शेवट ठरलेला असायचा. कमांदांत बायकांत जाऊन एकीला उभं करायचे आणि तीनदा विचारायचे, "नवरा कुठाय?" तिने तिन्ही वेळा "ठाऊक नाही" म्हणायचं, दर वेळी आवाज आणखी खाली. मग सगळे दिवे मालवायचे.

तिसऱ्या वर्षी आमच्या आईची पाळी आली. आई उभी राहिली.

"नवरा कुठाय?"

"ठाऊक नाही."

तेवढ्यात मागून तपकिरीची चिमूट सावरत वडील ओरडले, "अहो, हा काय मी इथे!" अंगण खदखदून हसलं. आईसुद्धा पदर तोंडाला लावून हसली. कमांदांत हसले नाहीत. ते एक पाऊल पुढे आले.

"नवरा कुठाय?"

"ठाऊक नाही."

तिसऱ्यांदा विचारताना त्यांचा आवाज फुटला. आईने त्यांच्याकडे नीट पाहिलं. ठरलेलं उत्तर तिने दिलंच नाही.

"येतील आता," ती म्हणाली. "त्यांचं पान मांडून ठेवलंय मी."

मांद्रेकर तसेच उभे राहिले. मग टोपी काढली आणि बूट करकरवत खोलीकडे निघून गेले. लोकांना वाटलं शेवट बदललाय. टाळ्या पडल्या.

आरती झाल्यावर आई ताट घेऊन त्यांच्याकडे निघाली, मला सोबत घेऊन. मांद्रेकर कोट अंगात तसाच ठेवून खाटेवर बसले होते.

"गोव्याला कोण असतं हो तुमचं?" आईने विचारलं.

"बायको. शेवंती."

तीन वर्षं आम्ही त्यांना ब्रह्मचारी समजत होतो.

जत्रेच्या नाटकात त्यांनी सेन्सॉरने न पाहिलेले दोनच शब्द म्हटले होते, 'जय हिंद'. पोलीस पुढून आले आणि हे मागच्या दाराने निघाले ते थेट हद्दीपार. घरी जायला वेळच नव्हता. पुढे मुंबईत त्यांच्या गावाकडचा कुणी भेटला. आपण कोण ते न सांगता त्यांनी चौकशी केली. पोलीस अधूनमधून शेवंतीला चौकीवर उभी करतात आणि तेच विचारतात, असं कळलं.

"मग तुम्ही कुठे आहात ते तिला कळवलं नाहीत?"

"ती खोटं बोलली की तिच्या कानाच्या पाळ्या लाल होतात वहिनी. आंधळ्यालासुद्धा दिसेल." ते जरासे हसले. "म्हणून कळवलंच नाही. आता ती 'ठाऊक नाही' म्हणते ते अगदी खरं असतं. काय करणार तिला?"

आईने ताट खाटेवर ठेवलं. "पण जिवंत आहात, एवढं तरी?"

मांद्रेकरांनी नकारार्थी मान हलवली. "ते कळलं तर तिचा चेहरा उजळेल. तेवढं पुरे आहे पोलिसांना."

आईने ताटावरचं फडकं काढलं, भातावर वरण वाढलं, आणि ते जेवून उठेपर्यंत उंबऱ्याशी बसून राहिली.