ताणावरचं झाड

टण्! दुपारच्या सामसूम घरात बादलीची कडी वाजली आणि शकुंतलानं ती चटकन हातानं दाबून धरली.

"कोन हाय रं परड्यात?" सोप्यातून सासऱ्यांचा आवाज आला.

"मीच, मामंजी. भांडी घासतेय."

तांदळाचं धुवण तिनं घाईनं मोसंबीच्या बुडाशी ओतलं आणि वर पाचोळा सारला.

सासरे लालासाहेब पलटणीतून सुभेदार होऊन आलेले. परड्यातली मोसंबीची पाच झाडं त्यांनी यंदा पहिल्यांदाच ताणावर सोडली होती. पाणी तोडायचं, पानं गळू द्यायची. मग पाणी दिलं की झाड फुलांनी लगडतं. "एक थेंबबी घालायचा न्हाई. हुकूम म्हंजी हुकूम!" पण कोपऱ्यातलं झाड दुष्काळ सरल्यावर शरयूच्या बारशाला लावलेलं. लेकीच्याच वयाचं. त्यानं मान टाकली आणि शकुंतला चोरून त्याला धुवण घालू लागली.

आता चार झाडं पिवळी पडली होती आणि कोपऱ्यातलं हिरवंगार, नुकतंच जेवून उठल्यासारखं.

लालासाहेबांनी आधी शेजारच्या ज्ञानूला धरलं. "तुजा पाट फुटलाय का रं माज्या परड्यात?"

"आवं सुभेदार, माजाच ऊस वाळाय लागलाय!"

तरी मध्ये चर खणला. चर कोरडा निघाला, ज्ञानूचं बोलणं तेवढं बंद झालं. शेवटी कुऱ्हाड बाहेर आली.

"ह्ये झाड हुकूम मानंना. बाकीची बिघडतील."

धार लावण्यातच त्यांची निम्मी सकाळ गेली. शरयू झाडाला मिठी मारून उभी राहिली. शकुंतला पुढं झाली.

"मामंजी, तोडू नका. मीच... धुवण घालत होते."

सासरे लालबुंद झाले. तेवढ्यात चुलीपासून सासूबाई साळूबाई म्हणाल्या, "तिला बोलू नगासा. सांजचा एक तांब्या माजाबी असतुया."

"घरातच फितुरी!" लालासाहेब गरजले.

लेकीला ओढून घ्यायला शकुंतला वाकली. पाचोळा सरकला. खाली साबणाचा ताजा फेस होता, फेसात पांढऱ्या केसांचे खुंट. घरात दाढी करणारा माणूस एकच.

लालासाहेबांनी कुऱ्हाड भिंतीला टेकवली. "साबनानं कीड मरती," म्हणाले, आणि आत जाऊन रेडिओ मोठा केला.

शकुंतलानं पाचोळा पुन्हा नीट सारला.

"आई, आबा रोज दाढीचं पानी हितंच घालत्यात. 'कुनाला सांगू नगंस' म्हनालं," शरयू तिच्या कानाशी लागली. "मग आता आबांना कोन रागावनार?"