कुलूप न मानणारे वसंतआण्णा

"बंद करा ते! अक्षरं गळायलीत! आरं, माझं नाव पार तळाला गेलं!"

चेअरमनसाहेब कॉम्प्युटरपुढं उभे राहून असे ओरडत होते की बाहेर ऊस भरलेल्या गाड्यांचे बैल बिथरले. आमच्या साखर कारखान्याची ऊसतोडीची सगळी यादी फाटक्या पोत्यातल्या ज्वारीसारखी पडद्यावर टपाटपा खाली पडत होती. आणि यंत्रापुढं बसलेले आमचे हेडक्लार्क वसंतआण्णा चष्मा पुसत म्हणाले, "पडू द्या. खाली जागा हाय."

मी आण्णांच्या हाताखालचा कारकून. आण्णांना जन्मात कुलूप सोसलं नाही. "कुलूप म्हंजे निस्ता गैरसमज," हे त्यांचं ब्रीद. कळंबच्या बाजारात एका कुलूपवाल्याची एकोणीस कुलुपं त्यांनी गिऱ्हाइकांदेखत सायकलच्या तारेनं उघडली. त्या माणसानं दुसऱ्या दिवसापासून केळी विकायला घेतली. तिजोऱ्या म्हणे आण्णांना लांबून बघूनच ढिल्या पडायच्या.

असल्या माणसापुढं ऐंशीच्या दशकात कॉम्प्युटर आला, तोही कुलूपबंद. प्रोग्राम एकाच यंत्रावर चालणार, दुसऱ्यासाठी वेगळा परवाना घ्या, असं कंपनीचं म्हणणं. आण्णांना हा अपमान वाटला. उमरग्याच्या नाक्यावर, हैदराबादहून आलेल्या ट्रकवाल्याकडून, भज्याच्या कागदात गुंडाळलेली कुलूपतोडी फ्लॉपी त्यांनी मिळवली. दोन्ही यंत्रं सुरू! तीन दिवस आण्णा हत्तीवरून उतरले नाहीत. चौथ्या दिवशी अक्षरं गळाली आणि यादी कोरी झाली.

कंपनीला फोन लावला. तिकडून उत्तर आलं, "चोरीच्या फ्लॉपीतून आलेल्या रोगाला आमच्याकडं औषध नाही."

जुनी रजिस्टरं यंत्र आल्याच्या आनंदात केव्हाच रद्दीत गेलेली. साल दुष्काळाचं, विहिरी तळाला. ज्यानं आधी लावला त्याचा ऊस आधी तोडायचा, हा नियम. यादीच नाही म्हटल्यावर बड्यांची तोड पहिली, आणि एक-दोन एकरवाल्याच्या उसाचं उभ्या उभ्या सरपण.

"पाप माझं हाय," म्हणत आण्णा सायकलवर निघाले. पहिल्या दिवशी माकणीत विचारलं, "ऊस कधी लावला?" तर झाडून सगळ्या गावानं एकाच दिवशी, तोही जिल्ह्यात सगळ्यांच्या आधी लावलेला! दुसऱ्या दिवशी आण्णांनी प्रश्न फिरवला. "तुमच्या बांधाशेजारच्यानं कधी लावला?"

मग काय विचारता! तारीख, वार, त्या दिवशी कोणता बैल लंगडत होता, सगळं बाहेर आलं. शेजाऱ्याला एक दिवस फुकट द्यायला कुणी तयार नव्हतं.

"सवताचं सवता सांगितलेलं धरायचं न्हाय," हा आण्णांचा कायदा. चेअरमनसाहेबांनाही त्यांच्या बांधाशेजारच्या भीमराव कांबळ्यांनी तोंडावर नऊ आठवडे मागं ढकललं. "साहेब, तवा तुमी लेकीच्या लग्नात हुता. लावणार कवा?"

साहेबांनी नवी तारीख मान्य केली. यादी झाली, तोड एकाही भांडणाशिवाय पार पडली.

हंगाम सरल्यावर एकदा आण्णांच्या रानावरून गेलो. त्यांचा एकरभर ऊस वाळून खडखडत उभा होता.

"आण्णा, आवो तुमचं नाव यादीत न्हाय?"

"न्हाय."

"असं कसं? तुमीच लिहिली की सगळी!"

आण्णा खाली बसून सायकलची चेन बसवत होते.

"माझं कुणी सांगितलं न्हाय," ते म्हणाले.