खासदारांचा बदली

यादगिरी बिंगी परदेशात खासदार होते, आणि सोलापुरात आई पडल्याचा फोन आला तेव्हा त्यांनी गिरणीच्या रीतीने संसदेत आपल्या जागी बदली बसवला. कायम कामगार रजेवर गेला की त्याच्या मागावर दुसरा उभा राहतो, तो बदली. बिंगींच्या घरात पिढ्यान्‌पिढ्या हेच चालत आलेलं, त्यात विशेष ते काय? त्यांनी सोलापूरहून मेहुण्याला, अंबादास दासरीला, बोलावून घेतलं.

सभापतीबाईंनी एकच शंका काढली. "यांच्यासाठी माइक खाली घ्यावा लागेल का?"

अंबादासला तिथली भाषा येत नव्हती. "दाजी, मी तिथं करू काय?"

"डाव्या बाकावर बसायचं. गरिबाच्या फायद्याचं असलं की हात वर."

"आणि कळलंच नाही तर?"

"शेजारच्याला विचार. त्यालाही कळत नसतं, पण तो सांगतो."

यादगिरी तरुणपणी त्या देशात बोटी धुवायला आले होते. बंदरावरून संघटनेत, संघटनेतून डाव्या पक्षात आणि तिथून संसदेत. उभी हयात ते एकाच विधेयकाच्या मागे लागले होते: दुसऱ्याच्या जागी जो सलग वर्षभर राबेल, ती जागा त्याची. सूट कुणालाच नाही. बोटी धुणारे, इस्पितळात फरशी पुसणाऱ्या बाया, सगळी त्यांच्यासारखीच बाहेरून आलेली माणसं, कायम होण्याची वाट बघत म्हातारी झाली होती.

इकडे आईचं खुब्याचं हाड काही जुळेना. "आलायस तर राहा की थोडे दिवस," ती म्हणायची. थोडे दिवस थोडे दिवस करता वर्ष उलटलं. यादगिरी परतले त्याच सकाळी विधेयक मताला आलं होतं.

मतं समसमान पडली होती. अंबादासचं तेवढं राहिलं होतं. तो हात वर करणार इतक्यात त्याला दारात दाजी दिसले, तसा तो उठून उभा राहिला. आता या खुर्चीचं मत कुणाचं, हे कुणालाच सांगता येईना.

विरोधी पक्षनेते यादगिरींजवळ आले. माणूस सभ्य होता. "बिंगीसाहेब, हे मंजूर झालं तर तुमची खुर्ची मेहुण्याची. त्यांचं वर्ष भरलंय. 'संसद वगळून' एवढे दोनच शब्द घाला. आम्ही सगळे हात वर करू."

यादगिरी गोंधळले. त्यांना ती खुर्ची हवी होती, अगदी मनापासून हवी होती. वर सज्जात फरशी पुसणाऱ्या बाया गणवेशातच येऊन बसल्या होत्या.

"संसद वगळली तर उद्या इस्पितळ म्हणेल आम्हालाही वगळा," यादगिरी म्हणाले. "मग बंदर म्हणेल."

"म्हणणारच," विरोधी पक्षनेते म्हणाले. "अर्ज तयार आहेत त्यांचे."

यादगिरी मेहुण्याकडे वळले. "अंबादास, हात वर कर."

"दाजी, तुमची जागा जाईल हो."

"कर म्हणतो ना."

विधेयक मंजूर झालं. सज्जातल्या बाया एकमेकींच्या गळ्यात पडून रडल्या. यादगिरीही रडले, आनंदानं की खुर्ची गेली म्हणून, हे त्यांचं त्यांनाच कळेना. मग शिपायानं नम्रपणे सांगितलं की पाहुण्यांना सभागृहात थांबता येत नाही.

संध्याकाळी घरी पद्मानं आधी भावाचं ताट वाढलं, मग नवऱ्याचं. तिलाही नक्की रीत ठाऊक नव्हती.

"दाजी," अंबादास म्हणाला, "उद्या माझी दाढ काढायचीय. माझ्या जागी बसाल का?"

"बसेन की."

"पण सलग वर्ष भरू द्यायचो नाही हां. अधूनमधून मी येऊन बसत जाईन. राग मानू नका, आता जागा कायमची झालीय."

यादगिरी घास चघळत राहिले. बंदरावरच्या प्रत्येक मालकानं त्यांना हेच ऐकवलं होतं, फक्त इतक्या मायेनं कुणी सांगितलं नव्हतं. पण रागवायचं कुणावर?

"बदलीला विधेयक मांडता येतं का रे?" त्यांनी विचारलं.

"सभापतीबाईंना विचारून सांगतो," अंबादास म्हणाला आणि त्यानं भातासाठी ताट पुढे केलं.